मॉरिशसचे स्वातंत्र्य आणि चागोस बेटे: रामगुलाम यांच्या होकाराला काय म्हणावे?

दर्यावर्दी

नमस्कार मंडळी.

मागच्या महिन्यात आठ दिवस मॉरिशसला जाऊन आलो. निघण्याच्या आदल्या दिवशी पोर्ट लुईच्या बाजारात चहा आणि व्हॅनिलाच्या शेंगा घेताना पाकिटातल्या नोटा पहिल्यांदाच नीट निरखून पाहिल्या. 200 रुपयांच्या नोटेवर अब्दुल रझाक मोहम्मद, 500 च्या नोटेवर सुखदेव विष्णुदयाल, 1000 च्या नोटेवर गाएतां द्युवाल आणि 2000 च्या नोटेवर राष्ट्रपिता शिवसागर रामगुलाम. दुकानदाराने मोठ्या कौतुकाने सांगितले की यांतले द्युवाल स्वातंत्र्याच्या विरोधात होते, तरी देशाने त्यांना नोटेवर जागा दिली. मला ही गोष्ट मनापासून आवडली.

आमचे बोलणे शेजारी टोपल्या विकणाऱ्या एका वयस्कर बाईंच्या कानावर पडले. त्यांचे आईवडील हिंदी महासागरातल्या चागोस बेटांवरचे. रामगुलाम यांचे नाव निघताच त्या म्हणाल्या, "या देशाला स्वातंत्र्य मिळाले ते आमची बेटे देऊन मिळाले." दुकानदाराचा चेहरा उतरला. त्यांच्यापुढे दुसरा मार्गच नव्हता, एवढेच तो हळू आवाजात म्हणाला आणि चहाची पुडी बांधू लागला. दोघेही मनापासून बोलत होते आणि दोघांनाही वाईट वाटत होते, हे मला स्पष्ट दिसत होते.

परत आल्यापासून ही गोष्ट डोक्यातून जात नाही. 1965 साली चागोस बेटे मॉरिशसपासून वेगळी काढायचे लंडनमध्ये ठरले, तेव्हा नेमके काय घडले? रामगुलाम यांनी दिलेला होकार खरोखर त्यांचा होता, की तो त्यांच्याकडून वदवून घेतला गेला? आणि राष्ट्रपिता म्हणून ज्यांचे नाव विमानतळाला आणि पांप्लमूसच्या बागेला दिले आहे, त्यांना या प्रकरणी दोष देणे न्याय्य आहे का? जाणकारांनी सविस्तर लिहावे, ही विनंती.

---

जुनी_पाने

दर्यावर्दी, तुम्ही फार महत्त्वाचा प्रश्न विचारला आहे. थोडे लांबून सुरुवात करतो, कारण 1965 ची ती खोली समजायची तर त्या खोलीत बसलेल्यांच्या मागे काय होते, हे माहीत असावे लागते.

ब्रिटिशांनी मॉरिशस बेट 1810 च्या डिसेंबरात फ्रेंचांकडून जिंकले आणि 1814 च्या पॅरिस तहाने ते त्यांच्याकडे राहिले. चागोस बेटेही त्याच तहाने आली. मॉरिशसपासून ती ईशान्येला दोन हजार किलोमीटरहून अधिक दूर आहेत, परंतु त्यांचा कारभार तेव्हापासून पोर्ट लुईहूनच चालत असे. तेथे नारळाच्या वाड्या होत्या, सुके खोबरे आणि तेल तेथून मॉरिशसला येई, आणि म्हणूनच त्या बेटांना 'तेलाची बेटे' असे म्हटले जाई. वाड्यांवर राबण्यासाठी आणलेले लोक आफ्रिकेतून आणि मादागास्करमधून आणलेले गुलाम होते. पुढे त्यांत काही भारतीय मजूरही मिसळले. म्हणजे 1965 पर्यंत त्या बेटांवर पाच-सहा पिढ्या जन्मल्या आणि पुरल्या गेल्या होत्या.

आता लंडनकडे येऊ. 1965 च्या सप्टेंबरात लँकेस्टर हाउसमध्ये मॉरिशसची घटनापरिषद भरली. तिच्यापुढे जाहीर प्रश्न एकच होता: मॉरिशसने पूर्ण स्वातंत्र्य घ्यावे की ब्रिटनशी जोडलेले राहावे. रामगुलाम यांचा मजूर पक्ष, विष्णुदयाल यांचा पक्ष आणि मोहम्मद यांचा मुस्लिम पक्ष स्वातंत्र्याच्या बाजूचे होते. द्युवाल आणि झ्युल केनिग यांच्या पक्षाला ब्रिटनशी संबंध ठेवायचे होते आणि त्यासाठी सार्वमत हवे होते. या जाहीर प्रश्नाच्या पाठीमागे मात्र दुसरे एक काम चालू होते. अमेरिकेला हिंदी महासागरात लष्करी तळ हवा होता, त्यासाठी दिएगो गार्सिया हे बेट निवडलेले होते, आणि ते नव्या स्वतंत्र देशाच्या हाती जाण्याआधीच बाजूला काढण्याचे ब्रिटनने ठरवले होते.

23 सप्टेंबरच्या सकाळी ब्रिटनचे पंतप्रधान हॅरल्ड विल्सन यांनी रामगुलाम यांना एकट्यालाच भेटीस बोलावले. विल्सन यांच्या खासगी सचिवाने आदल्या दिवशी त्यांच्यासाठी लिहिलेले टिपण पुढे उघड झाले आहे. रामगुलाम यांना आशा दाखवून घाबरवणे हा या भेटीचा हेतू आहे, असे त्यात सरळ शब्दांत लिहिले आहे. स्वातंत्र्य मिळेल ही आशा, आणि चागोसबाबत समजूतदारपणा दाखवला नाही तर ते कदाचित मिळणार नाही ही भीती. विल्सन यांनी प्रत्यक्ष भेटीत याच धर्तीवर बोलणे केले. तुम्ही आणि तुमचे सहकारी स्वातंत्र्य घेऊन परत जाऊ शकता किंवा न घेता जाऊ शकता, आणि बेटे तुमच्या संमतीने वेगळी करता येतील किंवा राणीच्या हुकमानेही करता येतील, असा त्या बोलण्याचा आशय होता. म्हणजे नकार दिला असता तरी बेटे जाणारच होती. उरला प्रश्न फक्त स्वातंत्र्याचा होता.

त्याच दिवशी दुपारी अडीच वाजता लँकेस्टर हाउसमध्ये वसाहतमंत्री अँथनी ग्रीनवुड यांच्या अध्यक्षतेखाली बैठक झाली. मॉरिशसकडून तेथे रामगुलाम, विष्णुदयाल, मोहम्मद आणि स्वतंत्र सदस्य मोरिस पातुरो असे चौघे होते. दर्यावर्दी, पातुरो 50 रुपयांच्या नोटेवर आहेत. तुमच्या पाकिटात ती नोट असती तर त्या दुपारी त्या खोलीत असलेले चारही मॉरिशियन तुमच्या हातात आले असते.

बैठकीचे टिपण उपलब्ध आहे आणि ते वाचताना मन विषण्ण होते. भरपाई म्हणून 30 लाख पौंड देऊ केले गेले. मॉरिशसच्या बाजूने साखर, गहू, तांदूळ आणि मनुष्यबळ यांच्याविषयी प्रश्न निघाले. बेटांभोवतीचे मासेमारीचे हक्क, तेथे तेल किंवा खनिजे सापडल्यास त्यांचा लाभ आणि तळाची गरज संपल्यावर बेटे परत करणे, या गोष्टी आश्वासनांत आल्या. रामगुलाम यांनी आपल्याला, विष्णुदयाल यांना आणि मोहम्मद यांना हे तत्त्वतः मान्य असल्याचे सांगितले आणि बाकीच्या मंत्र्यांशी बोलण्याची मुभा मागितली. पातुरो यांनी मात्र आपली असहमती नोंदवून घेण्यास सांगितले. 30 लाखांची रक्कम फार अपुरी आहे, हा त्यांचा आक्षेप होता.

5 नोव्हेंबरला मॉरिशसच्या मंत्रिमंडळाने संमती कळवली. 8 नोव्हेंबरला राणीच्या हुकमाने 'ब्रिटिश हिंदी महासागर प्रदेश' नावाची नवी वसाहत निर्माण झाली. वसाहती मोडीत काढण्याच्या त्या दशकात ब्रिटनने एक नवीच वसाहत जन्माला घातली, आणि तिच्या मोबदल्यात अमेरिकेने पोलॅरिस क्षेपणास्त्रांच्या व्यवहारात ब्रिटनला सुमारे 1 कोटी 40 लाख डॉलरची सूट गुप्तपणे दिली, ही बाब ब्रिटिश संसदेपासूनही लपवण्यात आली होती. संयुक्त राष्ट्रसंघाच्या आमसभेने 16 डिसेंबर 1965 रोजी ठराव क्रमांक 2066 करून ब्रिटनला मॉरिशसचे तुकडे करू नका असे बजावले. त्याचा काही उपयोग झाला नाही.

तेव्हा तुमच्या दुसऱ्या प्रश्नाला माझे उत्तर असे आहे की होकाराचे शब्द रामगुलाम यांचे होते, पण निर्णय त्यांचा नव्हता. ज्याला 'नाही' म्हणण्याने काहीच वाचवता येत नाही, त्याच्या 'हो'ला संमती म्हणता येत नाही. आंतरराष्ट्रीय न्यायालयाने 25 फेब्रुवारी 2019 च्या सल्लागार मतात हेच तेरा विरुद्ध एक अशा बहुमताने उचलून धरले. ज्या पक्षाने प्रदेश दिला असे म्हटले जाते, तो पक्ष घेणाऱ्याच्याच सत्तेखाली होता, म्हणून याला दोन पक्षांमधला करार म्हणताच येणार नाही, असे न्यायालयाने म्हटले. मॉरिशसच्या वसाहतमुक्तीची प्रक्रिया 1968 मध्ये कायदेशीररीत्या पूर्ण झालीच नाही, हा त्याचा निष्कर्ष.

---

मोका_मराठी

नमस्कार. मी मॉरिशसचाच. आमचे पूर्वज मुंबई बंदरातून गलबताने इकडे उसाच्या मळ्यात कामाला आले. घरात आम्ही क्रिओल ही इथली फ्रेंच वळणाची बोली बोलतो, मराठी शाळेत शिकलो, त्यामुळे लिहिण्यात काही चुकले तर सांभाळून घ्यावे.

जुनी_पाने सरांनी लंडनची बाजू उत्तम मांडली आहे. मला तिच्यात एक गोष्ट जोडायची आहे. रामगुलाम यांना स्वातंत्र्य एवढे तातडीचे का वाटत होते, हे लंडनच्या कागदांत दिसत नाही. ते उसाच्या मळ्यात दिसते.

2 नोव्हेंबर 1834 रोजी 'ॲटलस' जहाजातून 36 मजूर पोर्ट लुईला उतरले, तेव्हापासून पुढच्या सुमारे पाऊण शतकात साडेचार लाखांहून अधिक माणसे भारतातून येथे आली. त्यांच्या हजेरीचा नियम आमच्याकडे आजही म्हाताऱ्यांच्या तोंडी आहे: एक दिवस गैरहजर राहिले की दोन दिवसांची मजुरी कापली जाई. गावाबाहेर पडायचे तर परवाना जवळ हवा, आणि त्यावर फोटोही हवा, त्याचे पैसे मजुरानेच भरायचे. 1943 च्या सप्टेंबरात बेल व्ह्यू हारेलच्या मळ्यावर मजुरीसाठी जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळ्या झाडल्या. चार जण मेले. त्यांत अंजलै कुपेन ही गरोदर स्त्री होती. आज आमच्या एका क्रीडांगणाला तिचे नाव आहे.

मतदानाची गोष्ट तर मला घरातूनच ठाऊक आहे. 1948 पर्यंत मत देण्याचा अधिकार मालमत्ता असलेल्यांनाच होता आणि मतदारांची संख्या 12 हजारांच्या आसपास होती. नव्या घटनेने असे ठरवले की बेटावर चालणाऱ्या कोणत्याही भाषेत साधे वाचता-लिहिता येणाऱ्या स्त्री-पुरुषाला मत देता येईल. त्यानंतर सुखदेव यांचे बंधू वासुदेव विष्णुदयाल यांचे स्वयंसेवक गावोगाव फिरले. दिवसभर ऊस तोडून आलेली माणसे रात्री बैठकेत बसून अक्षरे गिरवत. (बैठका म्हणजे गावातली ती खोली, जिथे शाळा, कीर्तन आणि पंचायत सगळे एकाच छपराखाली चालत असे.) माझी आजी तेव्हा पंचविशीची होती. चुलीतल्या कोळशाने तिने साखरेच्या पोत्याच्या कागदावर आपले नाव शंभरदा लिहिले, असे ती आम्हाला सांगायची. तिच्या हाताला ऊसतोडीचे घट्टे होते आणि पेन्सिल बोटांत धरवत नव्हती, म्हणून कोळसा. त्या वर्षी मतदार 12 हजारांवरून 71 हजारांच्या पुढे गेले. आजी मरेपर्यंत कुठेही सही करताना आधी हात पदराला पुसायची.

अशा माणसांनी ज्याला निवडून दिले, तो नेता 1965 मध्ये स्वातंत्र्य न घेता परत आला असता तर काय झाले असते, याचा विचार करून पाहावा. 1967 च्या ऑगस्टमधल्या निवडणुकीत स्वातंत्र्याच्या बाजूने सुमारे 55 टक्के मते पडली आणि विरोधात सुमारे 44. जागा 62 पैकी 39 विरुद्ध 23. एवढ्या थोड्या फरकाने हा देश स्वतंत्र झाला. आफ्रिकी वंशाच्या क्रिओल, चिनी आणि बऱ्याच मुस्लिम कुटुंबांना हिंदू बहुसंख्येचे राज्य येईल अशी खरोखरीची भीती वाटत होती. हजारो कुटुंबे घरदार विकून ऑस्ट्रेलियाला आणि इतरत्र निघून गेली. 1968 च्या जानेवारीत पोर्ट लुईमध्ये दंगे झाले, ते आवरण्यासाठी सिंगापूरहून ब्रिटिश सैन्य आणावे लागले, आणि त्यानंतर दोनच महिन्यांनी, 12 मार्चला, शां-द-मार्सच्या मैदानावर आमचा झेंडा चढला. गांधीजींच्या दांडीयात्रेची आठवण म्हणून 12 मार्च निवडला होता. तो मुहूर्त आणखी दोन-तीन वर्षे पुढे गेला असता तर तो कधी आला असता की नाही, याची मला खात्री वाटत नाही.

म्हणून रामगुलाम यांना दोष देणे मला जमत नाही.

---

रेवती_प

मोका_मराठी, तुमच्या आजींची आठवण वाचून मी थोडा वेळ तशीच बसून राहिले. तरीही मला तुमच्याशी आणि जुनी_पाने यांच्याशी काही अंशी असहमती नोंदवायची आहे, आणि ती 1965 विषयी नाही. त्या दुपारी रामगुलाम यांचे हात बांधलेले होते, हे मी पूर्ण मान्य करते. माझा प्रश्न 12 मार्च 1968 नंतरच्या वर्षांविषयी आहे, कारण तेव्हा ते हात मोकळे झाले होते.

बेटे रिकामी करण्याचे काम 1968 ते 1973 या काळात झाले, म्हणजे मॉरिशस स्वतंत्र असताना. औषधोपचारासाठी किंवा नातेवाइकांना भेटायला पोर्ट लुईला आलेल्या चागोसवासीयांना परतीच्या बोटीचे तिकीट मागितल्यावर सांगण्यात येऊ लागले की तुमची बेटे विकली गेली आहेत, आता परत जाता येणार नाही. तेथे राहिलेल्यांकडे धान्य आणि औषधे कमी कमी पोचू लागली. 1971 मध्ये दिएगो गार्सिया रिकामे झाले. लोकांची कुत्री गोळा करून खोबरे वाळवण्याच्या शेडमध्ये कोंडली आणि धुराने मारली. पाठोपाठ चागोसमधलीच सालोमोन बेटे, आणि 1973 मध्ये शेवटी पेरोस बान्योसची बेटे. या माणसांना 'नॉर्डव्हेर' नावाच्या बोटीतून आणून पोर्ट लुईच्या धक्क्यावर उतरवले गेले. घर नाही, काम नाही. नारळ सोलणे आणि खोबरे वाळवणे हे त्यांचे कसब, आणि उसाच्या बेटावर त्या कसबाला कोणी विचारीत नव्हते. कासीस आणि रोश ब्वा या वस्त्यांमध्ये पत्र्याच्या खोपटांत त्यांचे संसार मोडत गेले.

ब्रिटनने त्यांच्या पुनर्वसनासाठी 1972 मध्ये मॉरिशस सरकारला साडेसहा लाख पौंड दिले. ती रक्कम त्या माणसांच्या हातात प्रत्यक्ष पडायला 1977 साल उजाडले. मधल्या पाच वर्षांत पंतप्रधान रामगुलाम होते. तेथे दबाव टाकायला कोणी विल्सन उभा नव्हता. हे विधान कठोर आहे याची मला जाणीव आहे, पण ते करणे आवश्यक वाटते.

या काळात रामगुलाम यांच्यावर दुसरीही ओझी होती, तीही सांगायला हवीत. देश एका उसावर जगत होता, बेकारी मोठी होती, 1971 मध्ये संप झाले, त्यांनी आणीबाणी लावली, विरोधकांना तुरुंगात घातले आणि निवडणुका 1976 पर्यंत पुढे ढकलल्या. त्याच द्युवाल यांना त्यांनी 1969 मध्येच सरकारात घेऊन परराष्ट्रमंत्री केले होते. देश फुटू नये म्हणून हे शहाणपणाचे होते. मात्र या सगळ्या जुळवाजुळवीत ज्यांना मतांचा गठ्ठा नव्हता, जात नव्हती, मळा नव्हता, ते दीड-दोन हजार चागोसवासी कोणाच्याच हिशेबात आले नाहीत.

त्यांचा आवाज उठवला तो त्यांच्यातल्या स्त्रियांनी. शार्लेझिया अलेक्सी, लिझेत तालात, रिता बांकूल या आणि त्यांच्या बरोबरीच्या स्त्रिया रस्त्यावर बसल्या, उपोषणे केली, पोलिसांचा मार खाल्ला, अटका सोसल्या. 1982 मध्ये ब्रिटनने आणखी 40 लाख पौंड दिले, ते या स्त्रियांमुळे. रिताबाईंचा मुलगा ऑलिव्हिए बांकूल पुढे लंडनच्या न्यायालयांत वर्षानुवर्षे लढला.

---

दर्यावर्दी

सर्वांचे मनःपूर्वक आभार. रेवतीताई, बाजारातल्या त्या बाईंच्या बोलण्यात जो कडवटपणा होता, तो मला आता कळला. आधी मला वाटत होते की त्यांचा राग 1965 च्या होकारावर आहे. एक शंका उरते. पुढे मॉरिशसने बेटांवर हक्क सांगितला तो केव्हा, आणि रामगुलाम स्वतः त्याविषयी काही बोलले का?

---

जुनी_पाने

रेवतीताईंचे म्हणणे मला मान्य आहे, आणि माझ्या पहिल्या उत्तरात मी 1968 पाशी थांबलो, ही माझी चूक झाली. 30 लाख पौंडांविषयी मी दोन ओळी लिहिल्या आणि त्या दुपारच्या टिपणात बेटांवर राहणाऱ्या माणसांना काय हवे असेल, हा प्रश्न निघतच नाही, हे मात्र लिहायचे राहिले. द्युवाल यांच्या पक्षाने नोव्हेंबर 1965 मध्ये याच प्रश्नावर मंत्रिपदे सोडली, पण त्यांचेही म्हणणे मोबदला कमी पडला असेच होते. मोबदल्यात अधिक साखर विकली जावी, मॉरिशसच्या लोकांना इमिग्रेशनची सवलत मिळावी, हा त्यांचा आग्रह. खोलीतले आणि खोलीबाहेरचे, कोणीही चागोसच्या एखाद्या माणसाला विचारून बोलत नव्हते. ब्रिटिश अधिकाऱ्यांनी तर बेटांवर कायमचे रहिवासी नाहीतच, सगळे येऊनजाऊन असणारे कंत्राटी मजूर आहेत, असे जगाला सांगायचे ठरवून टाकले होते.

तुमच्या शंकेविषयी. मॉरिशसने जाहीरपणे आणि सातत्याने हक्क सांगायला 1980 च्या सुमारास सुरुवात केली. रामगुलाम तेव्हा पंतप्रधान होते आणि वयाची ऐंशी वर्षे पूर्ण करत होते. 1982 मध्ये त्यांचा पक्ष असा हरला की मॉरिशसच्या मुख्य बेटावरच्या साठच्या साठ जागा विरोधी आघाडीने जिंकल्या. नव्या विधिमंडळाने बेटे कशी गेली याची चौकशी करण्यासाठी समिती नेमली, तिच्यापुढे रामगुलाम यांनी साक्ष दिली. आपल्यापुढे स्वातंत्र्य किंवा बेटे, अशी निवड होती, असे त्यांनी सांगितले. 1983 च्या अहवालात समितीने या व्यवहारात ब्लॅकमेलचा अंश होता, असे म्हटले. 1985 च्या डिसेंबरात रामगुलाम वारले.

22 मे 2019 रोजी आमसभेने 116 विरुद्ध 6 मतांनी ब्रिटनला सहा महिन्यांत निघून जाण्यास सांगितले. भारताचे मत मॉरिशसच्या बाजूने होते. त्यानंतर बरोबर सहा वर्षांनी, 22 मे 2025 रोजी, बेटांचे सार्वभौमत्व मॉरिशसला देण्याच्या आणि दिएगो गार्सियाचा तळ 99 वर्षे ब्रिटनकडे ठेवण्याच्या करारावर सह्या झाल्या. मॉरिशसच्या बाजूने सही करणारे पंतप्रधान नवीन रामगुलाम हे शिवसागर यांचे चिरंजीव. सहीच्या दिवशी पहाटे दिएगो गार्सियावर जन्मलेल्या दोन स्त्रियांनी लंडनच्या न्यायालयाकडून काही तासांची मनाई मिळवली होती, कारण याही वेळी आम्हाला कोणी विचारले नाही, असे त्यांचे म्हणणे होते. ती मनाई त्याच दिवशी उठली.

---

मोका_मराठी

रेवतीताई, तुम्ही लिहिले ते खरे आहे. आम्ही शाळेत असताना रोश ब्वाच्या मुलांबरोबर खेळायचो, पण ती मुले कुठून आली, हे आम्हाला कोणी शिकवले नाही. आमच्या पुस्तकात 1968 चा झेंडा होता, 1973 ची बोट नव्हती. आजीला मी हे कधी विचारले नाही, आता विचारता येत नाही.

रामगुलाम यांना 1965 साठी दोष देऊ नये, या मतावर मी कायम आहे. 1972 ते 1977 साठी मात्र माझ्याजवळ उत्तर नाही.

---

रेवती_प

मोका_मराठी, तुम्ही एवढे मोकळेपणाने लिहिलेत, याबद्दल आभार.

दर्यावर्दी, एक शेवटचे सांगते. 2018 मध्ये आंतरराष्ट्रीय न्यायालयापुढे सुनावणी झाली तेव्हा मॉरिशसच्या शिष्टमंडळात लिझबी एलिझे नावाच्या बाई होत्या. त्यांचा जन्म पेरोस बान्योसचा, 1953 चा. त्यांना लिहिता-वाचता येत नाही, म्हणून त्यांचे क्रिओलमधले निवेदन चित्रफितीवर घेऊन न्यायाधीशांना ऐकवले गेले. 1973 मध्ये बेट सोडावे लागले तेव्हा त्या सुमारे वीस वर्षांच्या आणि गरोदर होत्या. 'नॉर्डव्हेर'वर माणसांना जनावरांसारखे कोंबले होते, अंधारात बोटीवर चढवले होते, ते बेट मागे पडताना दिसू नये म्हणून, आणि मॉरिशसला पोचल्यावर त्यांचे मूल गेले, हे त्यांनी रडत सांगितले.

2022 च्या फेब्रुवारीत मॉरिशस सरकारने नेलेल्या बोटीतून लिझबीबाई आणि ऑलिव्हिए बांकूल पेरोस बान्योसला उतरले. तोवर जो कोणी चागोसवासी गेला, तो ब्रिटिशांच्या परवानगीने आणि त्यांच्या पहाऱ्यात गेला होता. या वेळी पहारा नव्हता. किनाऱ्यावर मॉरिशसचा झेंडा लावला गेला. नंतर ती मंडळी कोयते घेऊन झाडीत शिरली आणि पडक्या चर्चभोवतीचे रान तोडू लागली.